लीदिनहून आलेलं हवामान

९ ऑगस्ट १९४३, झादोव बेट

आज कापाला समज दिली. लीदिन बेटाचं हवामान सांगून झालं की तिने तिथेच थांबायचं असतं. ती थांबत नाही. आज आकड्यांच्या मागोमाग तिने कळवलं की त्यांच्या कुत्रीने एक बूट खाल्ला, आणि बूट त्यांच्या स्टेशनप्रमुखाचा असल्यामुळे सगळे खूश आहेत. युद्धात हवेवर जास्तीचं एक अक्षर सोडणं म्हणजे जर्मन पाणबुडीला आपला पत्ता देणं. मी तिला तेवढंच सांगितलं. उत्तर आलं, "बरं, आजीबाई."

मी तिच्यापेक्षा चार महिन्यांनी लहान आहे.

लेनिनग्राडला बिनतारी यंत्राचं शिक्षण घेताना आम्ही एकाच बाकावर बसायचो. संदेश ठोकायच्या कळीवर प्रत्येकाचा हात निराळा पडतो, अक्षराला वळण असतं तसं. कापा मोर्सच्या रेघा ओढते आणि ठिपके सांडते. जिना उतरताना शेवटच्या दोन पायऱ्या गाळून उडी मारल्यासारखं. माझं वळण शिवणयंत्रासारखं आहे असं आमचे शिक्षक म्हणायचे. वर्ग हसला होता. मला त्यात हसण्यासारखं काही दिसलं नाही.

लीदिन आमच्या पूर्वेला, सामुद्रधुनीच्या पलीकडे. तिथे कापा आणि चार पुरुष. त्यांचं हवामान माझ्याकडे येतं, मी आमच्या आकड्यांसोबत ते हवामान केंद्राला पाठवते. आमचे स्टेशनप्रमुख सावेली प्रोकोपिच, आणि चूल सांभाळणाऱ्या त्यांच्या पत्नी फ्योकला मावशी. गेल्या वर्षी आरमाराने एक छोटी तोफ दिली, आणि तिच्यासोबत दोन नौसैनिक, गोर्देई शुल्गा आणि तिखोन. माणसं एवढीच.

महिनाअखेरीस 'द्विनेत्स' जहाज कोळसा आणि पीठ घेऊन येणार. आधी लीदिनला, मग आमच्याकडे.

१३ ऑगस्ट

दाट धुकं. दुपारी समुद्रावर इंजिनाचा आवाज झाला, बराच वेळ. धुक्यात आवाजाची दिशा कळत नाही. तो बेटाभोवती फिरतोय असं वाटत होतं. सगळे अंगणात उभे राहून ऐकत होतो.

"वॉलरस असेल," सावेली प्रोकोपिच म्हणाले.

"वॉलरसला गिअर बदलताना मी पहिल्यांदाच ऐकतोय," गोर्देई म्हणाला आणि तोफेकडे गेला.

फ्योकला मावशींनी आत जाऊन धुराड्याची झडप लावून घेतली. धुक्यात धूर दिसत नाही, हे मी त्यांना सांगितलं. त्या म्हणाल्या, "वास तर जातो ना, पोरी."

१५ ऑगस्ट

काल दिवसभर लीदिन गप्प होतं. आज सकाळीही. दुपारी कापा आली: वादळाने अँटेना पाडली होती, आता उभी केली, सर्व ठीक.

केंद्राने नियमाप्रमाणे विचारलं. एखादं स्टेशन कारण न देता गप्प झालं आणि परत आलं, तर शेजारच्या ऑपरेटरने वळण ओळखून द्यायचं असतं. प्रश्न होता: लीदिनच्या कळीवर हात कुणाचा?

मी तिला मजकूर पुन्हा पाठवायला लावला आणि डोळे मिटून ऐकला. शंका घ्यायला जागाच नव्हती. केंद्राला कळवलं: हात कापितोलिना रेव्याकिना हिचा. सही आग्निया सोबोलेवा.

आमच्याकडे काल वादळ नव्हतं. पण सामुद्रधुनीत वारा अरुंद पट्ट्यातून वाहतो, त्यामुळे अशक्य म्हणता येणार नाही.

१८ ऑगस्ट

कापा सुधारली. तीन दिवसांत जास्तीचा एक शब्द नाही. आकडे, निरोप, संपलं. बोलणी मनाला लागली असावीत. मी कठोर बोलले असेन, पण परिणाम चांगला झाला.

आकडे मात्र चांगले नाहीत. आमच्याकडे उत्तरेचा वारा, तर तिच्याकडे दक्षिणेचा. इथे वायुभार उतरतोय, तिथे चढतोय. मधलं अंतर पाहता हे होऊ शकत नाही. एकतर तिचा बॅरोमीटर बिघडलाय किंवा ती बिछान्यातून न उठता आकडे ठोकतेय.

२१ ऑगस्ट

आज सकाळी सगळी सामुद्रधुनी धुक्याने भरली होती. लीदिनचा डोंगर दिसत नव्हता. कापाने कळवलं: आकाश निरभ्र, दूरवर स्वच्छ दिसतंय.

तिच्या आकड्यांपुढे प्रश्नचिन्ह टाकून तो कागद मी सावेली प्रोकोपिचना दाखवला.

"प्रश्नचिन्ह काढून टाक," ते म्हणाले. "केंद्रातले म्हणतील, बेटावर म्हातारा झोपा काढतो आणि पोरी खेळतात. त्यांचं आणि आपलं मिळून काय दिसतं ते लिही."

"त्यांचं निरीक्षण आहे. मी कसं बदलणार?"

"दर वर्षी बदलतोच. कुणाचा तापमापक गोठतो, कुणी पिऊन वाचतो. शेजाऱ्याच्या आमटीत मीठ नसेल तर वाढताना आपण घालायचं. नाहीतर जहाजांनी जेवायचं काय?"

ते एकवीस वर्षं उत्तरेत आहेत. इथल्या सगळ्या स्टेशनांवर हे असंच चालतं हे खरं. मी आमच्या आकड्यांवरून लीदिनचं हवामान काढलं आणि केंद्राला ते पाठवलं. नकाशावर आता रेषा व्यवस्थित बसतात.

कापाला कळवलं, "तापमापक नीट वाच." उत्तर: "नीट वाचते."

'आजीबाई' नाही.

२४ ऑगस्ट, मंगळवार

बऱ्याच दिवसांनी ऊन पडलं. वाऱ्याचं नाव नव्हतं. आम्ही दुर्बीण तिवईवर लावून पाळीपाळीने लीदिनकडे पाहिलं. स्टेशनचं छप्पर दिसलं, निशाण दिसलं, धूर सरळ काठीसारखा वर चढत होता. त्याच वेळच्या निरोपात कापाने सोसाट्याचा वारा सांगितला होता.

"दोन धूर आहेत," फ्योकला मावशी दुर्बिणीला डोळा लावून म्हणाल्या. "दुसरा न्हाणीघराचा. मंगळवारी न्हाणी? कोळसा काय उतू चाललाय त्यांचा?"

न्हाणीघर सगळ्या स्टेशनांवर शनिवारी तापतं. महिनाअखेरीला तर तेही पंधरवड्यातून एकदा.

"जहाज येणार म्हणून नटत असतील," गोर्देई म्हणाला. "बाई, तुमच्या मैत्रिणीला विचारा, आम्हीही पोहत येऊ का पाठ चोळायला."

"ती माझी मैत्रीण नाही. सहाध्यायी आहे."

"तेच विचारा."

मी विचारलं नाही. कोळशाची उधळपट्टी कळवावी का याचा विचार केला, पण ते काम त्यांच्या प्रमुखाचं. बेटावर माणूस मात्र एकही दिसला नाही. एवढं ऊन पडलेलं असताना आम्ही सगळे बाहेर होतो.

२६ ऑगस्ट

'द्विनेत्स' परवा दुपारी लीदिनला पोचेल असा निरोप आला. जहाजावर पंचावन्न माणसं आहेत.

जेवणानंतर गोर्देई आणि तिखोन डॉमिनो खेळत होते. हरेल त्याने दुसऱ्या दिवशी स्वयंपाकघरात राबायचं असा त्यांचा करार. तिखोन पुन्हा हरला.

"चाळिशी उलटली, अजून अक्कल नाही," फ्योकला मावशी म्हणाल्या.

"अक्कल आहे म्हणूनच," गोर्देई म्हणाला. "मावशी, ठार वेडा माणूससुद्धा दहातले तीन डाव चुकून जिंकतो. हा एकही जिंकत नाही. सारखं हरायचं तर समोरच्याच्या सोंगट्या नीट वाचता याव्या लागतात. याला तोफेपाशी थंडीत उभं राहायचं नाहीये. तुमच्या चुलीपाशी बसून खरवड खायचीय."

तिखोन मान खाली घालून सोंगट्या गोळा करत राहिला. "खरवड चांगली असते," तो म्हणाला.

मी उठून यंत्राच्या खोलीत आले आणि लीदिनचे मूळ आकडे आमच्या आकड्यांशेजारी मांडले.

बिछान्यातून ठोकलेला आकडा कधीतरी खरा निघतोच. हे आकडे पंधरा तारखेपासून एकदाही खरे निघालेले नाहीत. वारा दर वेळी नेमका उलटा. धुकं असेल तर निरभ्र, निरभ्र असेल तर बर्फ. एवढं चुकायचं तर रोज बाहेर जाऊन सगळं अचूक वाचावं लागतं.

शिक्षणाच्या दुसऱ्या वर्षी, हिमवादळात, सरावाच्या स्टेशनवर कापाची पाळी होती. सगळ्यांनी तिला सांगितलं, लिही काहीतरी. ती दोरी धरून रांगत तापमापकाच्या पेटीपर्यंत गेली. परत आली तेव्हा तिच्या गालाची कातडी गेलेली होती, आणि ती हसत होती. कापा आकडे ठोकत नाही. हे मला माहीत होतं. मी ते लक्षात का घेतलं नाही, हे मला सांगता येत नाही.

सावेली प्रोकोपिचना उठवलं.

"ती रोज हवामान वाचते आणि मुद्दाम खोटं सांगते," मी म्हटलं. "तिच्या मागे कुणीतरी उभं आहे, आणि त्याला हवामानातलं कळत नाही."

ते पलंगाच्या कडेवर बसून राहिले. "तू केंद्राला सही करून दिलंस की हात तिचा आहे."

"हात तिचाच आहे. त्यांनी तेवढंच विचारलं होतं."

"आणि तिचं उलटं हवामान आपण सुलटं करून पाठवलं."

"होय."

फ्योकला मावशी दारात शाल धरून उभ्या होत्या. "मंगळवारी न्हाणी," त्या हळू म्हणाल्या.

केंद्राला सरळ सांगता येत नाही. सगळ्या स्टेशनांची सांकेतिक भाषा एकच. लीदिनवर जो बसलाय तो माझं प्रत्येक अक्षर वाचणार. 'थांबा' म्हटलं तर पाणबुडी जहाजाला समुद्रातच गाठेल. जहाजाने आपणहून, नेहमीच्या कारणाने, पाणबुडी येऊ शकत नाही अशा उथळ पाण्यातून मागे वळायला हवं. मी सुचवलं: सामुद्रधुनीत बर्फ आला असं कळवायचं. बर्फाचं नाव काढलं की कप्तान प्रश्न विचारत नाही.

"बर्फ नाहीये तिथे," सावेली प्रोकोपिच म्हणाले.

"नाही."

"लीदिनवरचे खिडकीतून बघतील. पाणी मोकळं. उशिरा का होईना, त्यांना कळेल की आपल्याला कळलंय." ते माझ्याकडे न बघता बोलत होते. "मग तिचा त्यांना काय उपयोग उरला?"

मी बॅरोमीटर वाचायला उठले. वाचायची वेळ झालेली नव्हती.

२७ ऑगस्ट

सकाळच्या निरोपात पाठवलं: सामुद्रधुनी पूर्ण बंद, बर्फ दाट, वाढतोय. सही माझी. सावेली प्रोकोपिच म्हणाले होते, "माझी सही घाल." मी घातली नाही. निरीक्षण करणाऱ्याची सही असते.

आजवर आमच्या बेटाची मी एकही खोटी नोंद केलेली नव्हती. हात नेहमीसारखाच चालला.

तासाभरात केंद्राने 'द्विनेत्स'ला किनाऱ्याच्या कडेने मागे फिरायला सांगितलं. कप्तानाने पोच दिली. बाकी काही विचारलं नाही.

दुपारी लीदिनची वेळ झाली. मला वाटलं होतं ती येणार नाही. ती वेळेवर आली. आकडे सांगितले. मी आमच्या आकड्यांशी ताडून पाहिले. वारा जुळत होता, वायुभार दशांशापर्यंत जुळत होता, धुकं जुळत होतं. शेवटी: सामुद्रधुनीत बर्फ नाही, पाणी मोकळं.

दुरुस्त करण्यासारखं काही नव्हतं. तेरा दिवसांतलं तिचं पहिलं खरं हवामान. मी पोच दिली.

गोर्देई दारात उभा होता. "काय म्हणाली?"

"हवामान सांगितलं."

"कसंय?"

"बरोबर आहे," मी म्हटलं.

त्याने टोपी काढली, मग पुन्हा घातली, आणि तोफेवरचं कापड काढायला गेला. संध्याकाळच्या वेळेला लीदिन आलं नाही.

२९ ऑगस्ट

थोडक्यात लिहिते, हाताला पट्टी आहे.

सकाळी धुकं जमिनीलगत होतं, माणसाच्या दुप्पट उंचीचं. त्याच्या वर ऊन, आणि उन्हात आमचा अँटेनाचा खांब. त्यांना खांब दिसत होता, आम्हाला ते दिसत नव्हते. पहिला गोळा कोठारावर पडला. दुसरा खांबाच्या बुंध्याशी. तिसऱ्याने यंत्राच्या खोलीची भिंत आत आली. सावेली प्रोकोपिचच्या खांद्यात लाकडाचा तुकडा घुसला, माझ्या हाताला काच लागली. मी लहान सुटं यंत्र उचलून तोफेच्या खड्ड्यात आणलं.

पाणबुडी जवळ होती. धुक्यातून माणसांचं बोलणं ऐकू येत होतं, अगदी साध्या आवाजातलं, शेजारच्या खोलीत कुणी बोलावं तसं. एकजण खोकत होता. पण दिशा लागत नव्हती. गोर्देईने दोन गोळे टाकले, दोन्ही पाण्यात गेले.

मग ठोकण्याचा आवाज सुरू झाला. लोखंडावर लोखंड. आतून यावा तसा, बारीक, पण एका जागेवरून. बोलणं धुक्यात पसरत होतं, हा आवाज पसरत नव्हता.

"बाई, तुमचे कान कामाचे आहेत," गोर्देई म्हणाला. "कुठून?"

मी डोळे मिटले. ठोकण्याला ताल होता. इंजिनातला एखादा भाग सैल झाला की असा ताल धरतो. दोन ठोके गाळून पुढे उडी मारणारा. मी हात लांब केला आणि बोट स्थिर धरलं. तिखोनने माझ्या हाताच्या रेषेत नळी फिरवली.

पहिला गोळा लागला. दुसराही. लोखंड फाटल्याचा आवाज आला, मग बराच वेळ पाणी उकळल्यासारखा. बोलणं बंद झालं. ठोकणं थोडं चाललं, मग तेही.

"नेम असावा तर असा," गोर्देई म्हणाला. माझा हात अजून वर होता. तो तिखोनने खाली आणला.

धुकं उठल्यावर पाण्यावर तेलाचा मोठा काळा डाग दिसला. उन्हात त्याच्या कडेला रंग चमकत होते.

५ सप्टेंबर

तेल अजून आहे. भरतीला आमच्या किनाऱ्याला लागतं, ओहोटीला परत जातं. बदकं त्यात बसत नाहीत.

गस्तीनौका लीदिनला जाऊन आली. गोर्देई सोबत गेला होता. त्याने चहा घेतला, साखरेचा खडा दातात धरला आणि तो तसाच धरून बोलला. चार पुरुष किनाऱ्यावर दगडांखाली सापडले, चौदा तारखेपासूनचे असावेत. घर झाडून स्वच्छ ठेवलेलं. न्हाणीघरात जर्मन साबण. कुत्री जिवंत होती, पण जवळ येईना.

"आणि ती?" फ्योकला मावशींनी विचारलं.

"नाही. कुठेच नाही. दगडही हलवून बघितले." तो माझ्याकडे वळला. "बाई, जाताना सोबत घेऊन गेले असतील. चांगली ऑपरेटर कोण सोडतं? नॉर्वेत असेल कुठेतरी छावणीत. परत येईल लढाई संपल्यावर."

सावेली प्रोकोपिचनी त्याच्याकडे पाहिलं, मग खिडकीबाहेर, पाण्याकडे.

"शक्य आहे," मी म्हटलं. पाणबुड्या एकाहून जास्त असू शकतात. आम्ही बुडवली ती लीदिनहूनच आलेली होती याचा पुरावा नाही.

फ्योकला मावशी माझ्याजवळ येऊन बसल्या आणि माझा हात आपल्या मांडीवर घेऊन पट्टी सोडायला लागल्या. पट्टी कालच बदलली होती. मी तसं सांगितलं. त्या थांबल्या नाहीत.

८ सप्टेंबर

नवा खांब उभा केला. मोठं यंत्र दुरुस्त झालं. व्हॉल्व्ह बदलले, जोडण्या पुन्हा तपासल्या, लहरीची लांबी बरोबर. जखम भरली आहे. बोटं पूर्वीसारखी वळतात.

सत्तावीस तारखेच्या बर्फाच्या नोंदीखाली मी 'खोटी' असं लिहून सही केली. सावेली प्रोकोपिच म्हणाले, राहू दे, जहाज वाचलं. पण नोंदी पन्नास वर्षांनीही कुणीतरी वाचेल. त्याला त्या दिवशी बर्फ होता असं वाटायला नको.

११ सप्टेंबर

आज मोठ्या यंत्रावरून केंद्राला हाक दिली, जखमेनंतर पहिल्यांदाच. नेहमीच्या वेळी, आमच्या स्टेशनच्या खुणेने.

केंद्रावर येफीम होता. आमच्याच वर्गातला, आम्हा सगळ्यांचे हात तो ओळखतो. त्याने विचारलं: लीदिन, तुम्ही कुठून बोलता आहात?

मी पुन्हा आमची खूण दिली. झादोव, झादोव, झादोव.

उत्तर आलं: झादोवच्या कळीवर हात कुणाचा?

मी माझं नाव दिलं. त्याने ते मान्य केलं नाही. शेजारी आता दुसरं स्टेशन नाही, त्यामुळे नियमाप्रमाणे प्रमुखाने वळण ओळखून द्यायचं होतं. सावेली प्रोकोपिच गळ्यातल्या झोळीतला हात सावरत माझ्या खुर्चीमागे येऊन उभे राहिले.

"पाठव काहीतरी," ते म्हणाले. "ऐकतो."

मी कालचे आकडे पाठवले. माझ्या दृष्टीने हात नेहमीसारखाच पडत होता. एक ओळ झाल्यावर ते म्हणाले, "पुरे." मी मागे वळून पाहिलं. त्यांनी मोकळ्या हाताने तोंड झाकलं होतं.

"काय सांगू त्यांना?" मी विचारलं.

ते बाहेर गेले. फ्योकला मावशींशी काहीतरी बोलल्याचा आवाज आला, मग मावशींचा.

यंत्रात येफीम पुन्हा आला होता. हळू, एकेक अक्षर सुटं करून, घाबरलेल्या माणसाशी बोलावं तसा: लीदिन, लीदिन. ऐकू येतंय. आम्ही सगळे इथे आहोत. सांगा.

यंत्रात दोष नव्हता. पुन्हा तपासलं. निरोपाची वेळ निघून चालली होती, आणि वेळ चुकवता येत नाही.

मी हवामान सांगितलं. उत्तरेचा वारा, हलका. वायुभार चढता. सामुद्रधुनी मोकळी. सगळं बरोबर होतं.